राउल कुतार यांचं नाव कुठे आहे? चित्रपट महोत्सवांच्या आयोजकांना खुलं पत्र

मा. महोत्सव संचालक, फिल्म सोसायट्यांचे पदाधिकारी आणि कार्यकर्ते यांस,

सप्रेम नमस्कार.

आमच्या शहरात नुकत्याच झालेल्या महोत्सवात फ्रेंच न्यू वेव्हचा, म्हणजे पन्नासच्या दशकाच्या शेवटी फ्रान्समधल्या तरुण दिग्दर्शकांनी सुरू केलेल्या नव्या सिनेमाचा, एक खास विभाग होता. ‘द फोर हंड्रेड ब्लोज’, ‘ब्रेथलेस’, ‘शूट द पियानो प्लेअर’, ‘लोला’, ‘ज्यूल्स अँड जिम’ आणि ‘कंटेम्प्ट’ असे सहा चित्रपट दाखवले गेले. पत्रिका देखणी होती. त्रुफो, गोदार आणि दमी या तीन दिग्दर्शकांचे मोठे फोटो, तिघांची सविस्तर ओळख, नटनट्यांची नावं, निर्मितीचं वर्ष, चित्रपटाची लांबी, कुठे कोणतं बक्षीस मिळालं, सगळं व्यवस्थित दिलेलं. पहिला चित्रपट आंरी दकाए यांनी चित्रित केलेला. उरलेले पाचही राउल कुतार यांनी. या दोघांपैकी एकाचंही नाव पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत कुठेच नव्हतं. विचारलं तेव्हा ‘जागेअभावी तंत्रज्ञांची नावं घेतली नाहीत’ असं सांगण्यात आलं. आयोजकांना रीतसर पत्र पाठवलं, त्याला उत्तर आलं नाही. म्हणून हे जाहीर पत्र. संस्थेचं नाव मी घेत नाही, कारण दुसऱ्या गावांतल्या पत्रिका मागवून पाहिल्या तर त्यांतही हाच प्रकार आढळला. तेव्हा हे पत्र तुम्हा सगळ्यांसाठी आहे.

मी कोण, हे आधी सांगते. कॅमेऱ्यावर माझं पोट चालतं. मालिका केल्या, माहितीपट केले, थोडे मराठी चित्रपट केले, आणि वर्षातले काही महिने एका संस्थेत मुलांना छायालेखन शिकवते. शिकवायला लागल्यापासून एक गोष्ट मला बोचते. मुलं गोदारबद्दल अर्धा तास बोलतात. जम्प कट (सलग प्रसंगातले मधले तुकडे कापून चित्र एकदम पुढे उडवणं) म्हणजे काय ते सांगतात. पण ‘ब्रेथलेस’मधल्या हॉटेलच्या खोलीत उजेड कुठून येतोय, असं विचारलं की गप्प होतात. तो उजेड कोणी ठरवला असेल, हा प्रश्नच त्यांच्या डोक्यात आलेला नसतो. त्यांचा दोष नाही. त्यांनी चित्रपट तुमच्याकडेच पाहिले आणि तुमच्याच पत्रिका वाचल्या.

आता माझ्या तक्रारी सांगते.

पहिली तक्रार नावाची. ‘जागेअभावी’ हे कारण मला मान्य नाही. ‘छायालेखन: राउल कुतार’ ही अर्धी ओळ आहे. ज्या पत्रिकेत प्रायोजकांच्या शुभेच्छांना पूर्ण पान मिळतं, तिथे अर्ध्या ओळीला जागा नव्हती हे पटत नाही. पण मुद्दा नुसत्या मानाचा नाही. नाव गाळल्यामुळे तुमचा विभागच चुकीचा इतिहास सांगत होता. गोदार, त्रुफो आणि दमी ही तीन फार वेगळ्या स्वभावाची माणसं. एक वाद घालणारा, एक गोष्टीत रमणारा, एक गाण्याबजावण्याच्या जगात जगणारा. त्यांच्या पहिल्या काही वर्षांतल्या चित्रपटांत प्रेक्षकाला जो सारखेपणा जाणवतो, म्हणजे रस्त्यावरचा खरा उजेड, हातात धरलेला कॅमेरा, खोलीभर मोकळं फिरणारे नट, तो आला कुठून? त्या तिघांच्या मागे कॅमेऱ्याला डोळा लावून एकच माणूस उभा होता. गोदारनी १९६० ते १९६७ या काळात पूर्ण लांबीचे पंधरा चित्रपट पडद्यावर आणले. त्यांतला ‘मॅस्क्युलिन फेमिनिन’ सोडला तर बाकी सगळे कुतारनी चित्रित केले आहेत. असं असताना त्या काळाचा विभाग करायचा आणि त्या माणसाचा उल्लेखही करायचा नाही, हे माझ्या समजुतीपलीकडचं आहे.

हा माणूस सिनेमात आला कसा, तेही तुमच्या प्रेक्षकांना कळायला हवं होतं. कुतार १९२४ मध्ये पॅरिसमध्ये जन्मले. रसायनशास्त्र शिकायचं होतं, शिक्षण परवडेना, म्हणून छायाचित्रणाकडे वळले. १९४५ मध्ये सैन्यासोबत इंडोचीनला, म्हणजे व्हिएतनाम, लाओस आणि कंबोडिया या तेव्हाच्या फ्रेंच वसाहतीत गेले आणि पुढची सुमारे अकरा वर्षं तिकडेच राहिले. आधी युद्धाचे फोटो काढले, मग ‘पारी मॅच’ आणि ‘लाइफ’सारख्या नियतकालिकांसाठी काम केलं. १९५६ मध्ये दिग्दर्शक पिएर शोएन्दोर्फर यांनी त्यांना अफगाणिस्तानातल्या एका चित्रपटासाठी बोलावलं. कुतारना वाटलं, चित्रीकरणाचे स्थिरफोटो काढायचे असतील. तिथे गेल्यावर कळलं की कॅमेरामनच ते आहेत. तोवर त्यांनी सिनेमाचा कॅमेरा कधी चालवलेला नव्हता. त्या चित्रपटाचे निर्माते जॉर्ज द बोरगार. त्यांनीच पुढे ‘ब्रेथलेस’साठी कुतारना गोदारसमोर आणून उभं केलं.

युद्धात फोटो काढणाऱ्याला दिवे लावायला वेळ मिळत नाही, समोर असेल त्या उजेडात काम उरकावं लागतं. १९५९ च्या उन्हाळ्यात पॅरिसच्या रस्त्यांवर ‘ब्रेथलेस’ चित्रित झाला तो याच सवयीने. गोदारना दिव्यांचा पसारा नको होता. रात्रीचे प्रसंग रस्त्यावरच्या उजेडात घ्यायचे होते. त्या काळी सिनेमाची जी कच्ची फिल्म मिळायची ती एवढ्या कमी उजेडाला पुरणारी नव्हती. कुतारना इलफर्ड कंपनीची ‘एचपीएस’ नावाची जलद फिल्म माहीत होती. पण ती स्थिरछायाचित्रणासाठी होती, साडेसतरा मीटरच्या तुकड्यांत मिळायची. साडेसतरा मीटर म्हणजे सिनेमाच्या कॅमेऱ्यात जेमतेम अडतीस सेकंद. मग तुकडे एकमेकांना जोडून रीळ तयार केलं. त्या फिल्मच्या कडेची छिद्रं ज्या कॅमेऱ्यात चालतील असा कॅमेफ्लेक्स घेतला. तो कॅमेरा इतका आवाज करायचा की सगळे संवाद नंतर डब करावे लागले. प्रयोगशाळेला फिल्म वेगळ्या पद्धतीने धुवायला राजी करावं लागलं. ट्रॉलीचे रूळ टाकायचे नव्हते, म्हणून कुतार अपंगांच्या चाकाच्या खुर्चीत कॅमेरा घेऊन बसले आणि गोदारनी खुर्ची ढकलली. शाँझेलिझेवर जीन सीबर्ग वर्तमानपत्र विकत चालते तो प्रसंग आठवा. तिथे येणाऱ्याजाणाऱ्यांना कॅमेरा दिसू नये म्हणून कुतार टपालाच्या हातगाडीत दडून बसले होते.

एवढं सगळं केल्यावर पडद्यावर जे उमटलं त्याला आपण न्यू वेव्ह म्हणतो. तुम्ही ते लोकांना दाखवता, त्याबद्दल मी तुमची आभारी आहे. पण हे काम कोणाच्या हातचं, तेही त्याच वेळी सांगायला हवं.

पुढच्या चित्रपटांत खोलीत मोकळेपणा हवा म्हणून कुतारनी आणखी एक रीत पक्की केली. दिवे नटाच्या तोंडावर रोखायचे नाहीत, छताकडे वळवायचे. छतावरून परतणारा उजेड खोलीभर सारखा पसरतो. नट कुठेही जावो, कॅमेरा कुठेही वळो, दर वेळी नव्याने लायटिंग करावं लागत नाही. हे वाचताना आपल्याकडच्या कोणाच्याही मनात सत्यजित राय यांचे कॅमेरामन सुब्रत मित्र यांचं नाव येईल. १९५६ च्या ‘अपराजितो’साठी स्टुडिओत उभारलेल्या बनारसच्या घराच्या अंगणावर त्यांनी पांढरं कापड ताणलं आणि त्यावरून परतणाऱ्या उजेडात चित्रण केलं, म्हणजे कुतारच्या आधी आणि पूर्णपणे स्वतंत्रपणे. मित्र कोण कुठले, तर फ्रेंच दिग्दर्शक ज्यां रन्वारनी ‘द रिव्हर’ बंगालमध्ये चित्रित केला तेव्हा तिथे जाऊन त्याचे कॅमेरामन क्लोद रन्वार यांचं काम न्याहाळणारा तरुण. आम्ही आजही मालिकेच्या सेटवर थर्माकोलचा पत्रा धरून उजेड परतवतो, तेव्हा याच माणसांनी घालून दिलेल्या वाटेने चाललेलो असतो. माझ्या लाइटमन दादांना मी दोघांचीही गोष्ट सांगितली आहे. महोत्सवाने प्रेक्षकांना ती का सांगू नये?

दुसरी तक्रार चौकटीची, आणि ती मला नावापेक्षाही मोठी वाटते.

तुम्ही निवडलेल्या सहांपैकी ‘ब्रेथलेस’ हा जवळपास चौकोनी चौकटीतला आहे, रुंदी उंचीच्या १.३७ पट. बाकीचे पाच रुंद पट्टीचे, २.३५ पट. आमच्या महोत्सवात सहाही चित्रपट एकाच आकारात दाखवले गेले, आजच्या टीव्हीच्या १६:९ मध्ये. पडद्यावर काळ्या पट्ट्या दिसू नयेत म्हणून चित्र झूम करून पडदा भरून टाकला होता. याचा अर्थ रुंद चित्रपटांच्या दोन्ही बाजू मिळून जवळजवळ एक चतुर्थांश चित्र कापलं गेलं. ‘ब्रेथलेस’मध्ये तेवढंच वरून आणि खालून गेलं. सबटायटल्सचीही टोकं उडत होती. थिएटरमधल्या मुलाला मी सांगायला गेले. तो म्हणाला, ‘मॅडम, पट्ट्या दिसल्या की लोक तक्रार करतात.’ त्याला दोष देत नाही. त्याला कोणी काही सांगितलंच नव्हतं.

कापलेल्या भागात काय होतं, ते ‘कंटेम्प्ट’वरून सांगते. रोममधल्या फ्लॅटमधला लांबलचक प्रसंग. नवराबायको एकमेकांपासून तुटत चालले आहेत. घर अजून पुरतं सजलेलं नाही, भिंती पांढऱ्या, दारं अर्धवट. कुतार एकाच चौकटीत दोन खोल्या दाखवतात. एका कडेला मिशेल पिकोली, दुसऱ्या कडेला ब्रिजित बार्दो, मध्ये भिंत. ते अंतर हाच त्या प्रसंगाचा आशय आहे. झूम केलेल्या चित्रात मधली भिंत तेवढी मोठी झाली आणि माणसं कडेला अर्धी कापली गेली. माझ्या शेजारचे गृहस्थ मध्यंतरात म्हणाले, कॅमेरा विचित्र ठेवलाय. कुतारनी कॅमेरा कुठे ठेवला होता हे त्या गृहस्थांना त्या दिवशी दिसलंच नाही, आणि त्याचं खापर मात्र कुतारच्या माथी फुटलं.

‘ज्यूल्स अँड जिम’मध्ये तीन माणसं एकाच चौकटीत मावतात म्हणूनच तिघांचं ते नातं डोळ्यांना पटतं. ‘लोला’मध्ये नान्त शहराच्या खिडक्यांतून येणारा पांढराशुभ्र उजेड चौकटीच्या कडांना खात आत येतो. कडाच नसतील तर तो उजेड दिसणार कुठे? ‘कंटेम्प्ट’मध्येच स्वतःचीच भूमिका करणारे दिग्दर्शक फ्रिट्झ लँग एका वाक्यात म्हणतात की सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पट्टीचा पडदा, साप आणि अंत्ययात्रा दाखवायला ठीक. हे वाक्य ज्या चित्रपटात येतं तो स्वतः त्याच रुंद पट्टीत आहे आणि काप्रीच्या त्या लाल घराचं गच्चीसकट, समुद्रासकट जे चित्र त्यात आहे ते दुसऱ्या कोणत्याही आकारात बसणार नाही. कापलेल्या चित्रासमोर बसलेल्या प्रेक्षकाला ते वाक्य का आहे हेच कळणार नाही.

याच चित्रपटाची सुरुवात पाहा. श्रेयनामावली पडद्यावर लिहून येत नाही. स्टुडिओतला एक रस्ता आहे, लांबून एक बाई पुस्तक वाचत चालत येते, तिच्या बाजूने रूळ टाकलेले आहेत आणि रुळांवरून ट्रॉलीवरचा कॅमेरा हळूहळू आपल्याकडे सरकतो आहे. कॅमेऱ्यामागे बसलेला माणूस खुद्द राउल कुतार. एक आवाज नावं वाचत जातो. त्यात छायालेखक म्हणून कुतारचं नाव स्पष्ट ऐकू येतं, मग ती भलीमोठी लेन्स वळते, खाली झुकते आणि थेट आपल्याकडे बघते. गोदारनी आपल्या कॅमेरामनला पहिल्याच चित्रात पडद्यावर आणलं आणि त्याचं नाव मोठ्याने उच्चारलं. २०१६ च्या कान महोत्सवाने आपल्या मुख्य पोस्टरसाठी निवडलं तेही याच चित्रपटातलं एक दृश्य. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये कुतार गेले, ९२ व्या वर्षी. आमच्या महोत्सवात हा चित्रपट लागला, आवाजाने नाव घेतलं, आणि प्रेक्षकांच्या हातातल्या कागदावर ते नाव नव्हतं.

‘ब्रेथलेस’ची कुतारनी स्वतः पाहून मंजूर केलेली डिजिटल प्रत आज उपलब्ध आहे. उतारवयातल्या त्या माणसाने पन्नास वर्षांपूर्वीच्या आपल्या कामाचा काळा-पांढरा पुन्हा तपासून दिला. एवढी काळजी घेतलेल्या प्रतीवर आपण रिमोटचं एक बटण दाबून पाणी फिरवतो.

तिसरी तक्रार निवडीची. कुतार म्हणजे गोदार आणि साठचं दशक, एवढ्यावर आपल्याकडे विषय संपतो. १९६५ चा ‘थ्री हंड्रेड सेव्हन्टीन्थ प्लॅटून’ कंबोडियात चित्रित झाला. दिग्दर्शक शोएन्दोर्फर व्हिएतनाममधल्या दियेन बियेन फूच्या, फ्रेंचांचा पराभव झाला त्या लढाईत कॅमेरा घेऊन होते आणि तिथेच कैद झाले होते. कॅमेऱ्यावर कुतार, तेही त्या युद्धातून आलेले. चिखल, पाऊस, ताप, थकलेले सैनिक, सगळं कृष्णधवल. त्याच वर्षी कुतारनी ‘अल्फाव्हिल’ही केला. त्यात एकही सेट न लावता पॅरिसच्याच रात्रीतून दुसऱ्या ग्रहावरचं शहर उभं केलं. एकाच वर्षात हे दोन्ही. ज्यां रूश आणि एदगार मोरँ यांच्या ‘क्रॉनिकल ऑफ अ समर’ या माहितीपटावर काम केलेल्या छायालेखकांत ते होते. कोस्टा-गावरास यांचा ‘झेड’ त्यांनीच चित्रित केला. गोदारच्या ‘वीकेंड’मधला वाहतूक कोंडीचा तो जवळपास आठ मिनिटं चालणारा ट्रॉलीवरचा शॉट त्यांचाच. १९७७ च्या ‘द क्रॅब-ड्रम’मध्ये उत्तर अटलांटिकचा खवळलेला समुद्र युद्धनौकेवर राहून टिपला आणि त्यासाठी त्यांना सेझार हा फ्रेंच सिनेमाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मधल्या काळात गोदारपासून दुरावले, पंधरा वर्षांनी ‘पॅशन’साठी परत आले, आणि १९८२ च्या कानमध्ये त्या कामाला तांत्रिक विभागाचं मोठं पारितोषिक मिळालं. पंचाहत्तरी उलटल्यावर दिग्दर्शक फिलिप गारेल यांच्यासाठी पुन्हा कृष्णधवल चित्रपट केला. यातलं आपल्याकडे दहा वर्षांत किती आलं, तुमच्या जुन्या पत्रिका काढून तुम्हीच पाहा.

आणि कुतार दिग्दर्शकही होते, हे तर बहुतेकांना ठाऊकच नाही. ‘होआ-बिन्ह’ हा त्यांचा पहिला चित्रपट, १९७० चा. युद्ध सुरू असतानाच व्हिएतनाममध्ये चित्रित केलेला. बाप लढायला निघून गेलेला, आई आजाराने जाते, आणि एक लहान मुलगा आपल्या चिमुकल्या बहिणीला सांभाळत सायगावमध्ये दिवस काढतो. मोठमोठी भाषणं नाहीत, राजकारणाचा निवाडा नाही. मुलाच्या उंचीवरून शहर दिसतं. कानमध्ये पहिल्या चित्रपटासाठीचं पारितोषिक, ज्यां व्हिगो पुरस्कार, ऑस्करच्या परभाषी विभागात नामांकन. अकरा वर्षं ज्या देशात काढली त्या देशाबद्दल या माणसाला काय वाटत होतं ते इथे दिसतं. विशेष म्हणजे या चित्रपटाचा कॅमेरा त्यांनी स्वतः घेतला नाही, जॉर्ज लिरोंकडे दिला.

नंतरचे त्यांनी दिग्दर्शित केलेले चित्रपट इतके चांगले नाहीत, हेही स्वच्छ सांगायला हवं. १९७८ मध्ये झाईरेत (आजच्या काँगोत) झालेल्या लष्करी कारवाईवर त्यांनी १९८० मध्ये केलेला चित्रपट फ्रेंच परकीय दलाच्या, म्हणजे फ्रेंच सैन्यातल्या परदेशी सैनिकांच्या तुकडीच्या बाजूने उभा राहतो. तिथल्या आफ्रिकी माणसांकडे पुरेसं बघत नाही असं माझं मत. पण चर्चा करायची तर अशाच कामावर करावी. गोदारच्या ‘ला शिनवाझ’मधली माओवादी मुलं टिपणारा आणि सैन्याच्या शौर्याचा चित्रपट काढणारा एकच माणूस आहे. असं आयुष्य समोर ठेवून तरुण प्रेक्षक दोन तास वाद घालतील. त्यांना ती संधी द्या.

चौथी तक्रार थोडक्यात. १६ सप्टेंबर २०२४ ला कुतार यांच्या जन्माला शंभर वर्षं झाली. माझ्या आसपासच्या एकाही सोसायटीने त्या निमित्ताने एक संध्याकाळ ठेवली नाही. दिग्दर्शकांच्या शताब्दीला आपण वर्षभर कार्यक्रम करतो.

हे फ्रेंच माणसाचं दुखणं, आपल्याला काय त्याचं, असं कोणी म्हणेल. मी म्हणते, आपल्या घरातही हेच आहे. प्रभातचा ‘संत तुकाराम’ व्हेनिसला गाजला हे आपण अभिमानाने सांगतो. दामले-फत्तेलाल यांची नावं घेतो, विष्णुपंत पागनीसांचं नाव घेतो. १९३६ मध्ये तो चित्रित करणारे व्ही. अवधूत किती जणांना माहीत आहेत? केशवराव धायबर प्रभातच्या संस्थापकांपैकी एक, कॅमेरामन आणि पुढे दिग्दर्शकही. कुतारसारखीच दुहेरी वाट चाललेला हा आपल्या कोल्हापूरचा माणूस. त्यांच्यावर एखादा विभाग निघाल्याचं माझ्या पाहण्यात नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, फिल्म इन्स्टिट्यूट आहे, छायालेखन शिकून बाहेर पडणारी मुलंमुली दर वर्षी आहेत. त्या मुलांनी कोणाचं नाव मनात धरून काम करायचं?

लिहून काही होत नाही असंही नाही. २०१९ मध्ये ऑस्करवाल्यांनी ठरवलं की छायालेखन, संकलन आणि आणखी दोन पुरस्कार जाहिरातींच्या वेळात द्यायचे. जगभरातले छायालेखक आणि दिग्दर्शक उभे राहिले, जाहीर पत्र लिहिलं, आणि काही दिवसांत निर्णय मागे घेतला गेला. तिथे तर प्रचंड पैसा आणि दूरचित्रवाणीचं वेळापत्रक आड येत होतं. तुमच्यापुढे तशी कोणतीच अडचण नाही.

माझ्या मागण्या अशा.

पत्रिकेत, संकेतस्थळावर आणि चित्रपटाआधीच्या निवेदनात प्रत्येक चित्रपटाच्या दिग्दर्शकासोबत छायालेखकाचं नाव यावं. अपवाद नको. मराठी चित्रपटांनाही हाच नियम लावा. संकलक आणि ध्वनिमुद्रकांची नावं घेतलीत तर मला आनंदच होईल, पण सुरुवात इथून करा.

प्रत्येक चित्रपट त्याच्या मूळ चौकटीतच दाखवावा. कोणता चित्रपट कोणत्या आकाराचा याचा एक कागद प्रोजेक्टरवर बसणाऱ्या माणसाच्या हातात आदल्या दिवशी द्या, पहिलं रीळभर तपासून घ्या, टीव्हीसारखी हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद ठेवा. चित्रपट सुरू होण्याआधी दोन वाक्यांत प्रेक्षकांना सांगा की काळ्या पट्ट्या का दिसतील. लोक समंजस असतात, सांगितलं की ऐकतात.

पुढच्या वर्षभरात कुतार यांच्यावर एक स्वतंत्र विभाग करावा आणि त्यात ‘होआ-बिन्ह’ असावा. प्रत मिळवायला वेळ लागेल, हक्कांचा पत्रव्यवहार करावा लागेल, हे मला कळतं. फ्रेंच सांस्कृतिक केंद्रांशी तुमचे संबंध आहेतच, त्यांच्याकडे विचारणा आजपासून करता येईल. नाहीच मिळाला तर ‘थ्री हंड्रेड सेव्हन्टीन्थ प्लॅटून’ आणि ‘अल्फाव्हिल’ एकाच दिवशी पाठोपाठ लावा.

चर्चेच्या मंचावर एक तरी खुर्ची कॅमेरामनसाठी ठेवा. आमच्यातले बरेच जण बोलायला बिचकतात, पण समोर चित्र थांबवून विचारलंत तर एका खिडकीवर तासभर बोलतील. आणि धायबर, अवधूत यांच्या पिढीतल्या मराठी छायालेखकांवरही एक विभाग हाती घ्यावा. तो कधी करणार, हे जाहीर करा.

पुढच्या महोत्सवाची पत्रिका छापायला जाण्याआधी मला कळवलंत, तर निवडलेल्या प्रत्येक चित्रपटाच्या छायालेखकाचं नाव, चौकटीचं प्रमाण आणि प्रोजेक्शनच्या सूचना यांचा तक्ता मी स्वतः करून देईन. त्याचं मानधन मला नको. माझे विद्यार्थी प्रत्येक खेळाआधी चित्र तपासायला यायला तयार आहेत. तुमच्या उत्तराची वाट पाहते.

आपली नम्र,
कॅमेऱ्यामागे उभी राहणारी एक छायालेखिका